आर्याचे दहा दिवस

बारा वर्षे झाली. हे मी कोणालाही सांगितलेले नाही. नित्य ज्याच्या पूजेला बसतो, त्या देवालाही, तो जाणतोच अशी सोयीची समजूत करून घेऊन, शब्दांत सांगितलेले नाही. आज तुम्हाला सांगतो आहे, कारण चार दिवसांपूर्वी एक पत्र आले आणि ते वाचून मला जो संताप आला, तो अजून उतरलेला नाही. अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी संताप शोभत नाही, असे मीच इतरांना कितीदा सांगितले असेल! पण शोभण्या-न शोभण्याचा प्रश्न आता उरला आहे का?

पत्र अ‍ॅमस्टेलव्हीनच्या आपल्या मराठी मंडळींचे आहे. यंदाच्या गणेशोत्सवात त्यांनी आर्याचे गाणे ठेवले आहे. आर्या म्हणजे माझी एकुलती एक कन्या. त्याच कार्यक्रमात शाल आणि श्रीफळ देऊन माझा सत्कार करण्याचे त्यांनी योजले आहे. कशाबद्दल? पत्रातले शब्द जसेच्या तसे देतो : ‘संस्कृतचे प्रकांड पंडित असूनही कन्येच्या पाश्चात्त्य संगीतसाधनेच्या पाठीशी हिमालयासारखे उभे राहिलेले पुरोगामी पिता.’

हिमालय! ती ओळ मी तीनदा वाचली. तिसऱ्या वेळी मी चष्मा काढून टेबलावर ठेवला. बास, म्हणजे माझा जावई, समोर बसला होता. त्याला वाटले, मला गहिवरून आले. त्याने पाण्याचा पेला पुढे केला. आणि मी — मी तो घेतला. गहिवरलेल्या माणसाने घ्यावा तसा घेतला. हेच ते. माझे हेच आहे. लोक माझ्याविषयी चांगले समजतात आणि मी त्यांना समजू देतो.

पण क्रमाने सांगतो. क्रम सोडला की माझ्यासारखा माणूस आडोसे शोधू लागतो.

येथील एका डच विद्यापीठात संस्कृत हस्तलिखितांची सूची करण्यासाठी मी पुण्याहून आलो, तेव्हा आर्या बारा वर्षांची होती. तिचे नाव एका वृत्ताचे आहे. माझा विषय छंदःशास्त्र, म्हणून ते मी ठेवले. वृत्तांचे लगक्रम तिला पाठ्यपुस्तकातून नव्हे, जेवणाच्या पाटावर मांडीवर ठेका धरून मी शिकवले. यती कुठे येते, श्वास कुठे तोडायचा, हे तिला सहाव्या-सातव्या वर्षी कळत होते. शब्दाच्या मध्येच यती आली, शब्द चिरला गेला, की तो दोष. त्याला यतिभंग म्हणतात. तो तिच्याकडून झाला की मी डाव्या हाताचे बोट उचलत असे. ती जीभ चावून पुन्हा म्हणत असे.

ही मुलगी सोळाव्या वर्षी शनिवारची वर्तमानपत्रे सायकलवरून टाकून एक जुनी, पोकळ पोटाची गिटार घेऊन आली आणि रॉकबिली गाऊ लागली. तुम्हाला हा शब्द नवा असेल तर सांगतो. अमेरिकेत सत्तर वर्षांपूर्वी तरुण मुले ज्यावर नाचत, ते हे संगीत. तिकडे ते जुने झाले. इकडे, ब्राबंटच्या गावागावांतल्या कॅफेंमध्ये, काही लोकांनी ते पुन्हा जिवंत केले. पुरुष केसांचा कोंबडा काढतात, बायका ठिपक्यांचे घेरदार झगे घालतात, आणि माणसापेक्षा उंच असे बास नावाचे वाद्य तारा ओढून, चापट्या मारून वाजवले जाते. गाणारा मध्येच आवाज तोडतो. उचकी लागावी तसा. शब्दाच्या ऐन मध्यावर.

म्हणजे यतिभंगच. जो दोष म्हणून मी शिकवला, तो तिने अलंकार केला आणि त्यावर आपले सारे गाणे उभे केले. एका स्थानिक वृत्तपत्राने तिला विचारले, ही उचकी कुठे शिकलीस? ती म्हणाली, ‘माझ्या वडिलांकडे. कुठे तोडू नये ते त्यांनी शिकवलं, म्हणून कुठे तोडावं ते मला कळलं.’ ते कात्रण मी पाकिटात घालून माझ्या छंदःशास्त्राच्या टिपणांत ठेवले. तिला मात्र म्हणालो, ‘माझं नाव कशाला मध्ये आणलंस?’

तिला साथ देणारा बासवादक पुढे तिचा नवरा झाला. तो बेस्ट नावाच्या इथल्या गावातला सुतार. त्याचे नावही बास. आर्याने हे नाव प्रथम सांगितले तेव्हा तिच्या आईने पोळी लाटता लाटता विचारले, ‘बास? म्हणजे पुरे? बरं झालं बाई, स्थळं बघणं पुरे.’ लग्न वैदिक पद्धतीने मीच लावून दिले. वराला गोत्र नव्हते. ज्याचे गोत्र ज्ञात नाही त्याला काश्यप गोत्र द्यावे, असा आपल्याकडे प्रघात आहे. मी संकल्पात त्याला काश्यप केले आणि काश्यप गोत्रातल्या वराला माझी कन्या दिली. त्या भल्या माणसाला त्याचे केवढे अप्रूप! कोणी मराठी माणूस भेटला की हात जोडून म्हणायचा, ‘नमस्कार, मी बास, मी काश्यप.’ आपल्या वाद्याच्या पाठीवर त्याने पटाशीने देवनागरीत ते नाव कोरले होते. पहिला काना विसरला होता, तो नंतर कडेला बारीक बसवला.

या दोघांना मी आवडत होतो. मला ते आवडत होते का? होय. मग? — मग तेच तर.

अ‍ॅमस्टेलव्हीनला एका सत्यनारायणाला गेलो होतो. तिथल्या एका गृहस्थांनी आपला फोन माझ्यापुढे धरला. त्यावर आर्याच्या कार्यक्रमाचे चित्र होते : लाल ओठ, केसांत कापडी फूल, गिटार कमरेवर. ‘गुरुजी, हे काय? कन्येचं फॅन्सी ड्रेस कॉम्पिटिशन का?’ सारे हसले. दुसरे कोणी म्हणाले, ‘अहो, गुरुजींनी संथा दिली असेल, रॉकसूक्ताची!’ पुन्हा हसले. आणि मीही हसलो. प्रसादाची वाटी हातात धरून, मान हलवून. तेच गृहस्थ आज कार्यकारिणीत आहेत. तेच आज आर्याबरोबर छायाचित्र काढून घेण्यासाठी रांगेत पुढे असतात, आणि त्या पत्राखाली त्यांचीही सही आहे. मला त्यांचा राग येतो. येऊ द्यावा ना? पण ते तर केवळ हसले. त्यांनी तिचे काहीही हिरावून घेतले नाही.

मी घेतले.

आर्याची आई गेली त्या दिवशी आर्या लिम्बुर्गमधल्या एका कॅफेत दुपारच्या कार्यक्रमात गात होती. फोन पिशवीत होता. रुग्णालयात पोहोचली ती तशीच, ठिपक्यांच्या झग्यात; आणि तोवर सारे संपले होते.  पुढे शास्त्राप्रमाणे तिला आईचे तीनच दिवस होते. विवाहित कन्येला आईबापांचे तेवढेच असते. हे मीच तिला सांगितले. तिने ऐकले नाही. हट्टाने तेरा दिवस पाळले, जमिनीवर निजली, गिटारला हात लावला नाही. तेराव्या दिवशी माझ्यासमोर बसून म्हणाली, ‘बाबा, मला यातलं काही कळत नाही. पण यापुढे आपल्या माणसांच्या बाबतीत तुम्ही सांगाल ते मी करीन. का म्हणून विचारणार नाही.’

असा शब्द कोणी तुमच्या हाती दिला तर तुम्ही काय कराल? जपाल. जपायला हवा. मी वर्षभर जपला, एवढेच म्हणू शकतो.

पुढच्या वर्षी तिला ते बोलावणे आले, ज्याची या क्षेत्रातले लोक आयुष्यभर वाट पाहतात. इंग्लंडच्या समुद्रकाठी रॉकबिलीचा मोठा मेळा भरतो. तिथे मुख्य गायिका म्हणून तीन दिवस, आणि तिथून पुढे स्वीडन आणि फिनलंड, एकूण पाच आठवडे. मेळ्यातले गाणे जसेच्या तसे ध्वनिमुद्रित होऊन त्याची तबकडी निघणार होती. वीस वर्षे तिने लग्नांत, जुन्या मोटारींच्या जत्रांत, पावसात ताडपत्रीखाली गाऊन काढली होती. आता चाळिशीला आली होती. ‘बाबा, या वयात कोण बोलावतं हो,’ असे म्हणताना तिने दोन्ही हातांनी आपलेच गाल धरले होते. लहानपणी धरायची तसे.

गुरुवारी निघायचे होते. सोमवारी सकाळी नाशिकहून फोन आला. माझा चुलतभाऊ दामोदर गेला होता. मला दहा दिवसांचे सुतक आले. त्यात शंका नाही. आम्ही एका आजोबांचे नातू. देव कोनाड्यात झाकून ठेवले. वर्षश्राद्धानंतर प्रथमच मी आर्या-बासच्या घरात बसून राहिलो होतो, करण्यासारखे काही नसलेला. वरच्या मजल्यावर आर्या कपड्यांना इस्त्री करीत होती आणि गुणगुणत होती. मध्येच आवाज तुटायचा. उचकी. पुन्हा उचकी. मी खाली बसून मोजत होतो.

तुम्ही म्हणाल, शोकाने माणसाचे चित्त ठिकाणावर नसते. शोक? दामोदराला मी पंधरा वर्षांत पाहिले नव्हते. आर्याने तर एकदाच पाहिले होते, परकरात असताना. शोक नव्हता. स्पष्ट सांगतो काय होते. मी इथे अंधाऱ्या कोनाड्यासमोर बसायचे आणि हिने लाल जोडे घालून हजार माणसांपुढे नाचायचे? आणि पाच आठवडे मी एकट्याने हे घर सांभाळायचे? हाऊसआर्ट्सला, म्हणजे घरच्या डॉक्टरला, फोन करायचा तर डच बोलायचे कोणी? — सत्यनारायणात दाखवलेल्या त्या फोनवरच्या चित्राचा सलही होता. सारे त्यात होते. धर्म मात्र नव्हता. धर्माचा कणही नव्हता.

ती खाली आली. निरोप कळला होता. पायरीवर बसली आणि तिने विचारले, ‘बाबा, हे मला लागतं का?’

मी म्हणालो, ‘लागतं.’

एक शब्द. तीन अक्षरे. आयुष्यभर मी लोकांना एकेका अनुस्वारासाठी हटकले आहे.

‘दहा दिवस?’

‘दहा.’

‘गाणं?’

‘मंगल काही नाही.’

तिला दहा हा आकडा खटकला नाही, कारण आईचे तिने तेरा पाळले होते.  ती उठून वर गेली आणि इस्त्रीचा प्लग काढल्याचा आवाज आला.

विवाहित कन्या पतीच्या गोत्रात जाते. बापाच्या चुलतभावाचे तिला सुतक नसते. एक दिवसाचेही नसते. आपल्याकडे हे शाळेत न गेलेल्या बायकांनाही ठाऊक असते. आणि मी? मी यावर प्रवचने दिलेली आहेत! माझ्या कन्येने शास्त्रापुढे मान तुकवली असे तिला वाटले. वस्तुतः तिने माझ्या मत्सरापुढे मान तुकवली, आणि तो मत्सर मी शास्त्राचे उपरणे पांघरवून बसवला होता. ज्या विद्येने मला पोटाला दिले, मान दिला, त्या विद्येला मी खोट्या साक्षीला उभे केले. कोणी दुसऱ्याने असे केले असते तर त्याच्या हातचे पाणीही मी घेतले नसते.

इथे थांबता आले असते तर बरे होते. पण याहून वाईट ते पुढेच आहे.

संध्याकाळी बास कामावरून आला. तिने त्याला सांगितले. तो माझ्याकडे आला, पायांतल्या मोज्यांना लाकडाचा भुसा तसाच, आणि आपल्या तुटक मराठीत म्हणाला, ‘बाबा, सॉरी. एक प्रश्न. मी काश्यप. मग आर्यापण काश्यप. ना?’

तो विरोध करीत नव्हता. वाद घालत नव्हता. त्याने मनापासून ते शिकून घेतले होते आणि विद्यार्थ्याने विचारावे तसे विचारत होता. आणि त्याचे बरोबर होते! त्या घरात त्या क्षणी शास्त्र कोणाला कळत होते तर त्या सुताराला. तिथे मला परत फिरता आले असते. ‘अरे हो, चुकलोच मी’ एवढे म्हटले असते तर तिने आनंदाने पुन्हा इस्त्री लावली असती. वय झाले, स्मृती ढळली, असे म्हणून सारे हसलेही असते.

मी म्हणालो, ‘ते विधीपुरतं असतं, बास. खरं गोत्र असं देता येत नाही.’

तो ‘ओ’ म्हणाला. ‘ओके, बाबा.’ एवढेच. पाय न वाजवता वर गेला. ज्या अग्नीपुढे मी त्याला कन्या दिली, ती दिलीच नव्हती, असे मी त्याला त्याच्याच स्वयंपाकघरात सांगितले होते. कशासाठी? तर एका शब्दावरून मागे यावे लागू नये म्हणून.

तिने मंगळवारी इंग्लंडला कळवले. आयोजकांना सुतक म्हणजे काय ते कसे समजावे? त्यांनी उट्रेख्तची एक गायिका नेली. तबकडी तिच्या आवाजात निघाली, तिचे नाव झाले, पुढची बोलावणी तिला गेली. आर्याने ती तबकडी विकत आणली. स्वयंपाकघरात लावली आणि भांडी पुसता पुसता ऐकली. ‘छान गायलीये,’ म्हणाली. मग एका जागी थांबून म्हणाली, ‘इथे मी तोडलं असतं.’ आणि पुन्हा भांडी पुसू लागली.

तसे बोलावणे पुन्हा आले नाही. ती आजही गाते. टिलबर्गला आठवड्यातून तीन दिवस गिटार शिकवते आणि शनिवार-रविवारी आसपासच्या गावांत कार्यक्रम करते. लोक तिला मानतात. बावन्नाव्या वर्षी आवाज खाली उतरला आहे, पण अधिक भरीव झाला आहे. हे मी कौतुकाने लिहितो आहे का? माझ्या कौतुकाला काय किंमत? बासनेही नंतर कधी स्वतःला काश्यप म्हटलेले मी ऐकले नाही. काही महिन्यांनी वाद्याला पॉलिश करायला काढले, तेव्हा पाहिले : कोरलेली अक्षरे भुसा आणि सरस भरून बुजवली होती, वरून घासून रंग दिला होता. काम इतके सफाईचे होते की माहीत नसलेल्याला तिथे काही होते हे कळणार नाही. मी त्याला काही विचारले नाही. त्याने सांगितले नाही. तो आजही मला रोज सकाळी चहा करून देतो.

आणि या घराचा हिमालय मी!

अजून एक उरले आहे, ते गेल्या महिन्यातले. अ‍ॅमस्टेलव्हीनहून एका तरुण विवाहितेचा फोन आला. अशा शंका विचारायला लोक मला फोन करतात. कान मंद झाल्यामुळे मी फोन मोठ्या आवाजावर ठेवतो. खोलीत आर्या खिडकीशी बसून गिटारच्या तारा बदलत होती.

‘काका, माझ्या बाबांचे चुलतभाऊ गेले हो, नागपूरला. आणि शनिवारी आमच्याकडे वास्तुशांत आहे. मला लागतं का?’

‘नाही,’ मी म्हणालो. ‘लग्न झालेल्या मुलीला माहेरच्या काकांचं नसतं. खुशाल करा.’

‘हुश्श! मी तर केटररला कॅन्सल सांगणार होते. थँक यू काका, किती पटकन सांगितलंत!’

खरेच पटकन सांगितले. विचारही करावा लागला नाही. फोन ठेवला आणि मग ध्यानात आले की खिडकीशी पकडीचा आवाज थांबला आहे.

आर्याने वर पाहिले नाही. तारेचे टोक बोटाभोवती गुंडाळत तिने विचारले, ‘बाबा, लग्न झालेल्या मुलीला नसतं?’

बारा वर्षांनी तिने ‘का’च्या जवळ जाणारे काही विचारले होते. दार उघडे होते. मला केवळ बोलायचे होते. आणि मी, छंदःशास्त्राचा अधिकारी, अठ्ठ्याहत्तर वर्षांचा, गंधाची बोटे अजून ओली असलेला, तिच्याकडे पाहून म्हणालो, ‘यात बरीच मतमतांतरं आहेत.’

‘अच्छा,’ ती म्हणाली. ‘तुम्हालाच ठाऊक.’ आणि तिने पकडीने तार तोडली.

मतमतांतरे नाहीत.